थंडीच्या मुलखातली जास्वंद



निफाड तालुक्यातल्या एका द्राक्षबागायतदाराच्या घरून आलेले पत्र समोर आहे. पत्र घरच्या कारभारीणबाईंनी स्वतः लिहिले आहे. थोरला मुलगा आणि सून अमेरिकेत शिकागो शहराजवळ राहतात. गणपतीला घरच्या झाडाचे फूल असावे म्हणून सूनबाईंनी तिथे अंगणात जास्वंद लावली. पहिल्या वर्षी ती उन्हाळाभर फुलली आणि हिवाळ्यात मेली. दुसऱ्या वर्षी दुसरे रोप आणले, तेही तसेच गेले. तिसरे रोप गेल्या जूनमध्ये घराच्या दुसऱ्या बाजूला लावले. आता त्याच्याही नुसत्या वाळक्या काड्या उभ्या आहेत. मुलगा म्हणतो, उपटून टाकू. ताई लिहितात, "आमच्याकडे बांधावर काडी खोचली तरी जास्वंद फुटते. मग तिथे का जगत नाही? घरातली वडीलधारी माणसे म्हणतात, सुनेच्या हाताला गुण नाही, देवाचे झाड तिच्या हातून टिकत नाही. मला हे पटत नाही, पण उत्तर काय द्यावे ते कळत नाही." सुनेने मोबाईलवर पाठवलेले चार फोटो धाकट्या मुलाकडून छापून घेऊन पत्राला जोडले आहेत.

या सदरात आपण एरवी कांदा, गहू, द्राक्षे, गाईगुरे यांविषयी बोलतो. अमेरिकेतल्या अंगणाचा प्रश्न तसा आपल्या शिवाराबाहेरचा. परंतु आता गावागावांतली मुले परदेशी गेलेली आहेत, आणि एका झाडावरून सुनेला बोल लागत असेल तर तो प्रश्न आपल्याच घरातला झाला. म्हणून आज जास्वंदीविषयी.

दोन गोष्टी आधीच सांगून टाकतो. एक, हाताच्या गुणाचा इथे काडीमात्र संबंध नाही. दोन, ते तिसरे रोप उपटू नका. निदान जूनचा पहिला आठवडा उलटेपर्यंत तरी त्याला हात लावू नका. असे का म्हणतो ते ओघाने येईलच.

थंडी झाडाला कशी मारते, हे निफाडच्या माणसाला शिकवायला नको. कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्रातला पारा किती उतरला, याचा आकडा दर हिवाळ्यात वर्तमानपत्रांत येतो. तो उतरू लागला की द्राक्षबागायतदाराची झोप उडते. पहाटे बागेत शेकोट्या पेटतात, ठिबकने पाणी सोडले जाते, तरी मण्यांना तडे जायचे ते जातातच. आता गंमत पाहा. हीच द्राक्षवेल फ्रान्समध्ये, इटलीत हिवाळाभर उघड्यावर उभी असते. तिथे पारा शून्याखाली दहा अंशांपर्यंत उतरला तरी तिचे काही बिघडत नाही. वेल तीच, मग फरक कशाचा? फरक झोपेचा आणि जागेपणाचा. तिकडची वेल शरद ऋतूत पाने गाळते, खोडातले पाणी कमी करते, साखर साठवते आणि झोपी जाते. आपण ऑक्टोबरची छाटणी घेऊन तिला ऐन हिवाळ्यात जागी ठेवतो. डोळे फुटलेले, घड लागलेले, अंगात रस खेळता असतो. जाग्या वेलीला थंडी बाधते. तिकडेसुद्धा वसंतात डोळे फुटल्यावर कडाका आला तर हाहाकार होतो. २०२१ च्या एप्रिलमध्ये फ्रान्समध्ये असेच झाले. तिथल्या शेतकऱ्यांनी रात्र रात्र बागेत मोठाल्या मेणबत्त्या आणि शेकोट्या पेटवून ठेवल्या, तरी फार मोठे नुकसान झाले.

पाण्याचा बर्फ होताना तो फुगतो. काठोकाठ भरून झाकण घट्ट लावलेली काचेची बाटली बर्फाच्या पेटीत ठेवली तर फुटते, ते यामुळेच. पानाच्या पेशी गोठल्या की त्यांची आवरणे फाटतात, आणि ऊन पडल्यावर ते पान शिजवल्यासारखे काळे, मऊ पडते. ज्या झाडाला हिवाळ्याआधी आवराआवर करून झोपी जाण्याची विद्या येते ते वाचते. ज्याला येत नाही ते मरते.

आपल्या परसातल्या जास्वंदीला ही विद्या येत नाही. ती मुळात आशियाच्या उष्ण मुलखातली, बारमाही हिरवी राहणारी. स्वीडनचे वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियस यांनी १७५३ साली तिला जे शास्त्रीय नाव दिले, 'हिबिस्कस रोझा-सायनेन्सिस', त्याच्या शेवटच्या भागाचा अर्थ चीनचा गुलाब. ज्या मुलखात पाणी कधी गोठत नाही तिथे तिच्या पिढ्यान् पिढ्या गेल्या. ती हिवाळ्याची तयारी कशाला शिकेल? पारा १५ अंशांच्या खाली गेला की तिची वाढ मंदावते. १० अंशांच्या खाली काही रात्री काढल्या की पाने पिवळी पडून गळतात, कळ्या झडतात. शून्याला कोवळे शेंडे जातात, आणि कडाका टिकला तर खोडही जाते. त्याखाली जमीनच गोठली की मुळे मेली, मग खेळ संपला.

आता शिकागोचे हवामान पाहा. तिथे बहुतेक हिवाळ्यांत पारा शून्याखाली १८ ते २५ अंशांपर्यंत कधी ना कधी उतरतो. ३० जानेवारी २०१९ रोजी तर तो शून्याखाली ३० अंशांपर्यंत गेला होता. नुसते शून्याखाली नव्हे, शून्याखाली तीस! निफाडच्या ज्या थंडीला आपण घाबरतो ती तिथे वसंतातली साधी सकाळ झाली. तिथे आपली जास्वंद उघड्यावर लावली तर ब्रह्मदेव आला तरी जगवू शकणार नाही. सूनबाईंची पहिली दोन रोपे गेली ती अशी. पहिल्या दोन फोटोंत पाने लहान, गर्द हिरवी, तेल लावल्यासारखी चकचकीत आहेत. ती आपलीच जात. तिकडच्या दुकानांतून ही रोपे मे महिन्यात फुललेल्या कुंड्यांत विकायला ठेवतात. तिथले लोक ती एका उन्हाळ्याच्या शोभेसाठी नेतात आणि थंडी पडली की टाकून देतात. आपल्या माणसाला ते ठाऊक नसते. झाड म्हणजे झाड, लावले की ते राहायचे, असा आपला हिशेब.

परंतु जास्वंदीची भावकी मोठी आहे. भेंडी, कपाशी, अंबाडी ही सगळी एकाच कुळातली. भेंडीचे फूल आणि जास्वंदीचे फूल शेजारी धरून पाहिले तर घरातल्या लहान पोरालाही चेहरेपट्टी ओळखू येईल. अंबाडी तर शास्त्राच्या हिशेबाने हिबिस्कसच, म्हणजे जास्वंदीची सख्खी बहीण. या भावकीतल्या काही शाखा थंड मुलखात जाऊन स्थायिक झाल्या आणि तिथला हिवाळा सोसायला शिकल्या. मलेशियाचे राष्ट्रीय फूल म्हणजे आपलीच लाल जास्वंद; १९६० साली त्यांनी ती निवडली. आणि दक्षिण कोरिया, जिथे हिवाळ्यात नद्या गोठतात, त्यांचेही राष्ट्रीय फूल जास्वंदच, पण वेगळ्या जातीची. एका उष्ण देशाची एक, एका थंड देशाची एक.

कोरियाची जी जास्वंद, तिला तिकडे 'मुगुंघ्वा' म्हणतात. त्यांच्या राष्ट्रगीतातही तिचे नाव येते. शास्त्रीय नाव 'हिबिस्कस सिरियाकस'. लिनियसना वाटले ती सीरियातली, म्हणून हे नाव पडले. मूळची ती चीनकडची. नाव मात्र चिकटले ते चिकटले. हे पुरुषभर किंवा त्याहून उंच वाढणारे काटक झुडूप आहे. हिवाळ्याआधी सगळी पाने गाळते, काड्या उघड्या करून झोपते, आणि शून्याखाली वीस-पंचवीस अंश सहज सोसते. फुले पांढरी, गुलाबी, जांभळट. पुष्कळांच्या मध्यभागी तांबडा ठिपका असतो. मात्र आपल्या देवघरात लागतो तसा रसरशीत लाल रंग तिच्यात मिळत नाही. तिचे बी फार पडते आणि झाडाखाली तणासारखी रोपे उगवतात. अमेरिकेच्या राष्ट्रीय वृक्षोद्यानाने बी जवळजवळ न धरणारे 'डायना' नावाचे पांढरे वाण काढले आहे. पांढरे फूल चालणार असेल तर ते लावावे. फुले नव्या फुटीवर येतात, म्हणून छाटणी हिवाळा सरताना, कोंब सुटण्याआधी करावी. पानेही उशिरा फुटतात. शेजारची झाडे हिरवी झाली तरी हे झोपलेलेच असते.

लाल फूल हवे असेल तर दुसरी जात. अमेरिकेच्या पूर्वेकडच्या दलदलीत, ओढ्यांच्या काठी रानात वाढणारी. तिचे नाव 'हिबिस्कस मॉशूटॉस'. तिच्यापासून आणि तिच्या नातलगांपासून तिकडच्या रोपवाटिकांनी पुष्कळ संकरित वाणे तयार केली. त्यांत पांढरी, गुलाबी आहेत आणि गडद लालही आहेत. 'लॉर्ड बाल्टिमोर' हे लाल रंगाचे जुने, नावाजलेले वाण. फूल केवढे, तर वीस-पंचवीस सेंटिमीटर रुंद, म्हणजे आपल्या बाजरीच्या भाकरीएवढे! एका फुलाने गणपतीची छोटी मूर्ती झाकून जाईल.

या जातीची रीत समजून घ्यावी, कारण खरी मेख इथेच आहे. हिवाळा आला की तिचे जमिनीवरचे सगळे अंग मरते. वाळलेल्या, पोकळ काड्या तेवढ्या उभ्या राहतात. बघणाऱ्याला वाटते, झाड गेले. पण खाली मुळांचा गड्डा जिवंत असतो. आपली हळद आठवा. पाला वाळून भुईसपाट होतो म्हणून कोणी हळद मेली असे म्हणत नाही. गड्डा जमिनीत सुखरूप असतो. ही जास्वंद तशीच. फरक एवढाच की तिला जागे व्हायला फार वेळ लागतो. जमीन चांगली तापल्याशिवाय ती कोंब वर काढत नाही. शिकागोकडे मेचा दुसरा पंधरवडा, कधी जून उजाडतो. तोवर अंगणातले गवत, ट्यूलिप, सफरचंद सगळे हिरवेगार झालेले असते आणि या जागेवर नुसती माती. अशा वेळी धीर सुटतो, आणि लोक कुदळ घेऊन चांगले जिवंत झाड खणून फेकतात. नेमके हेच तुमच्या मुलाच्या मनात आले आहे.

आता ताईंनी जोडलेला तिसरा फोटो. तो गेल्या ऑगस्टचा आहे, असे मागे लिहिले आहे. पाने हाताच्या पंजाएवढी, फिकट हिरवी, चकाकी मुळीच नाही, टोकाला निमुळती, बदामाच्या आकाराची. फुलाशेजारी कोणीतरी हात धरला आहे आणि फूल हातापेक्षा मोठे आहे. ही आपली जास्वंद नव्हे. सूनबाईंनी या खेपेला, जाणून की न जाणून, थंडी सोसणारी जास्वंद आणली आहे. चौथ्या फोटोत ज्या काड्या वाळलेल्या दिसतात त्या वाळायलाच हव्यात. गड्डा जिवंत असण्याची बरीच शक्यता आहे. म्हणून म्हटले, उपटू नका.

यापुढे तिने काय करावे ते सांगतो. ताईंनी हा मजकूर फोनवर वाचून दाखवावा किंवा पानाचा फोटो पाठवावा.

वाळलेल्या काड्या एप्रिलमध्ये जमिनीपासून चार बोटे ठेवून कापाव्यात. आधी कापू नयेत, कारण हिवाळाभर त्या जागेची खूण राहते आणि त्यांच्यात बर्फ अडकतो. बर्फ म्हणजे झाडाचा वैरी असे आपल्याला वाटते. गड्ड्याच्या दृष्टीने तो गोधडी आहे. वरची हवा शून्याखाली वीस असताना बर्फाच्या थराखालची जमीन त्या मानाने पुष्कळ उबदार राहते. कापल्यावर शेजारी एक खुंटी रोवून ठेवावी, नाहीतर गवत कापायच्या यंत्राखाली कोवळे कोंब जातील. कोंब वीतभर-दीड वीत झाले की शेंडे खुडावेत, म्हणजे फांद्या जास्त फुटतात आणि फुलेही जास्त.

जागा दिवसाचे किमान सहा तास ऊन मिळेल अशी असावी. पाण्याच्या बाबतीत ही दलदलीतली बाई आहे, हे विसरू नये. आपली जास्वंद एखादे पाणी चुकले तर सांभाळून घेते. हिची पाने दुपारीच माना टाकतात. उन्हाळ्यात आठवड्याला दोनदा मुळापर्यंत मुरेल असे भरपूर पाणी द्यावे. पागोळ्यांचे पाणी पडते तो सखल कोपरा असेल तर उत्तमच. वसंतात पाटीभर कुजलेले खत पुरे. युरियासारखे नत्र जास्त दिले की नुसता पाला माजतो, हे आपल्याकडे कपाशीत पाहतोच.

नवीन रोप लावायचे असेल तर मेअखेर ते जून हाच काळ धरावा. शरद ऋतूत दुकाने स्वस्तात रोपे काढतात त्या मोहात पडू नये. मुळे धरण्याआधीच जमीन गोठते. पहिल्या हिवाळ्यात जमीन वरून गोठू लागली की गड्ड्यावर वाळलेल्या पाल्याचा चार ते सहा बोटे जाडीचा थर द्यावा आणि वसंतात तो काढावा. हे झाड कुंडीत न ठेवता जमिनीतच लावावे. कुंडीला गारठा चहूबाजूंनी भिडतो आणि जमिनीत जे जगले असते ते कुंडीत मरते.

एक किडा मात्र तिथे त्रास देतो. हिरव्या तांबूस रंगाचा, धातूसारखा चमकणारा भुंगेरा. त्याला जपानी भुंगेरा म्हणतात. जुलैत तो पानाफुलांवर पडतो आणि पानांची जाळी करतो. सकाळच्या गारव्यात तो सुस्त असतो. तेव्हा साबणाच्या पाण्याचे भांडे खाली धरून फांदी हलवावी, आपोआप पडतो. घरच्या दोन झाडांना फवारणीचा खटाटोप कशाला हवा?

फुलांचा हंगाम जुलै ते सप्टेंबर. गणेश चतुर्थी ऑगस्टअखेरीला किंवा सप्टेंबरच्या मध्याच्या आतबाहेर येते, म्हणजे बरोबर त्याच वेळी. एक फूल एकच दिवस टिकते, आपल्या जास्वंदीसारखेच, परंतु झाड रोज नवी फुले देते. हे फूल देवाला चालेल का, असाही प्रश्न घरातून येईल. त्याचे शास्त्र मला विचारू नका, ते घरातल्या थोरांनी ठरवावे. शेतकीच्या दृष्टीने सांगायचे तर कूळ तेच, पाकळ्या पाच, मध्ये तोच दांडा आणि रंग लाल. माझ्या घरी मी वाहीन.

दुकानात रोप घेताना चिठ्ठी वाचावी. अमेरिकेच्या कृषी खात्याने हिवाळ्यातल्या सर्वांत कमी तापमानाच्या सरासरीवरून साऱ्या देशाचे तेरा पट्टे पाडले आहेत. त्यांना तिथे झोन म्हणतात. तो नकाशा २०२३ मध्ये नव्याने काढला गेला. शिकागो आणि आसपासचा भाग पाच आणि सहा क्रमांकाच्या पट्ट्यांत येतो. रोपाच्या चिठ्ठीवर 'झोन पाच' किंवा त्याहून कमी आकडा असेल तर ते अंगणात लावायला हरकत नाही. नऊ-दहा असे लिहिले असेल, तर ती आपली परसातली जास्वंद. तिला कुंडीतच ठेवावे. आपल्याकडे कोकणातले पीक घाटावर नेताना अशी चिठ्ठी मिळाली असती तर किती शेतकऱ्यांचे पैसे वाचले असते! असो.

काही घरांत मात्र आपलीच, छोट्या चकचकीत पानांची जास्वंद हवी असते. आईच्या घरी जशी होती तशीच. तीही थंड मुलखात ठेवता येते, फक्त ती गाईसारखी आत-बाहेर बांधावी लागते. कुंडी उचलता येईल एवढीच घ्यावी. माती निचऱ्याची असावी. काळी माती कुंडीत मुळीच नको. उन्हाळाभर ती बाहेर उन्हात ठेवावी. सप्टेंबरात रात्रीचा पारा १२-१३ अंशांवर आला की आत घ्यायची तयारी करावी. दहाच्या खाली जाण्याची वाट पाहू नये. आत घेण्याआधी पानांच्या खालच्या बाजू नीट पाहून पाण्याच्या जोरदार धारेने झाड धुवावे. एक मावा आत गेला तर हिवाळाभर घरात त्याचे गोकुळ होते. फांद्या एकतृतीयांश कमी कराव्यात आणि दक्षिणेकडच्या खिडकीत कुंडी ठेवावी, कारण तिकडे हिवाळ्यातले ऊन दक्षिणेकडूनच येते.

आत आल्यावर पंधरा दिवसांत निम्मी पाने पिवळी पडून गळतील. घाबरून पाणी वाढवू नये. उजेड कमी झाला म्हणून झाडाने आपला खर्च कमी केला, एवढाच त्याचा अर्थ. अशा वेळी खत नको आणि पाणी वरची माती बोटभर कोरडी झाल्यावरच. गारठलेल्या ओल्या मातीत मुळे कुजतात. घरात ठेवलेल्या जास्वंदी थंडीपेक्षा या मायेच्या पाण्याने जास्त मरतात. घर तापवण्याच्या यंत्राने हवा कोरडी होते आणि लाल कोळी येतो. पानांवर बारीक पिवळे ठिपके आणि जाळी दिसते. आठवड्याला पाने ओल्या फडक्याने पुसावीत, जास्त झाले तर सौम्य साबणाच्या पाण्याने धुवावे. खिडकी नसेल तर तळघरात, जिथे हवा १० अंशांच्या आसपास राहते, झाड पाने गाळून झोपूनही काढते. तिथे महिन्यातून एक-दोनदा वाटीभर पाणी पुरे. मे महिन्यात रात्री दहाच्या वर स्थिर झाल्या की बाहेर काढावे, पण एकदम उन्हात नको. आठ-दहा दिवस सावलीत ठेवून मग ऊन दाखवावे, नाहीतर पाने भाजतात.

आता ताईंच्या पत्रातली शेवटची ओळ: "येत्या मे महिन्यात आम्ही दोघे तिकडे जाणार आहोत, तर आपल्या परसातल्या जास्वंदीच्या चार काड्या ओल्या फडक्यात गुंडाळून नेऊ का?" भावना समजते, पण असे करू नका. जिवंत झाड, काडी, कलम परदेशी नेताना सरकारी अधिकाऱ्याचे पादप आरोग्य प्रमाणपत्र लागते, विमानतळावर ते जाहीर करावे लागते आणि माती तर अजिबात चालत नाही. लपवून नेले आणि सापडले तर दंड होतो.

दंडाचे सोडा, त्यामागचे कारण द्राक्षवाल्यांना लगेच पटेल. द्राक्षाच्या घडांत बसणारा गुलाबी पिठ्या ढेकूण, ज्याला तुम्ही मिलीबग म्हणता, तो जास्वंदीवरही तितक्याच आनंदाने राहतो. आशियाच्या उष्ण भागातला हा किडा १९९४ साली कॅरिबियन समुद्रातल्या ग्रेनाडा बेटावर आढळला. तिथे त्याला खाणारे कोणी नव्हते. जास्वंदीची कुंपणे तर गेलीच, फळझाडे आणि भाजीपालाही गेला, आणि मग तो एकेक करून शेजारच्या बेटांवर पसरला. पिठ्या ढेकणाला खाणारे भुंगेरे आणि त्याच्या अंगात अंडी घालणाऱ्या बारीक गांधीलमाश्या बाहेरून आणून सोडल्या, तेव्हा कुठे तो आटोक्यात आला. पुढे तो कॅलिफोर्निया, फ्लोरिडापर्यंत पोचला. काडीच्या खाचेत बसलेली चार पिल्ले डोळ्यांना दिसत नाहीत. तेव्हा रोप तिथलेच घ्यावे. तुम्ही जाल तेव्हा तिसऱ्या झाडाचे कोंब बहुधा वर येत असतील. ते तुमच्याच हाताने खुडा.

या किड्यावरून एक गोष्ट घरच्या बागेची. द्राक्षबागेच्या कुंपणाला जास्वंद लावण्याची हौस काही ठिकाणी दिसते. ती लावू नये. बागेत फवारणी होते तेव्हा पिठ्या ढेकूण जास्वंदीवर सुखाने राहतो आणि फवारणीचा जोर ओसरला की बागेत परततो. जास्वंद घरापाशी, आडापाशी असावी. शेंडे आखडून पानांचा गुच्छ झालेला दिसला की तो शेंडा खुडून जाळून टाकावा. मुंग्यांची रांग खोडावर चढत असेल तर वर पिठ्या ढेकूण आहे असे समजावे. त्याच्या अंगातून पाझरणाऱ्या गोड चिकट्यासाठी त्या येतात.

निफाड, दिंडोरी किंवा महाबळेश्वरच्या बाजूला, जिथे हिवाळ्यात कधी कधी गवतावरचे दव गोठते, तिथे परसातल्या जास्वंदीची पाने डिसेंबर-जानेवारीत पिवळी पडतात, कळ्या न उमलता गळतात. पुष्कळ जण तेव्हा कात्री चालवतात किंवा मूठभर युरिया टाकतात. दोन्ही नको. छाटले की कोवळी फूट निघते आणि पुढच्या गारठ्यात तीच आधी करपते. झाडाला तेव्हा गप्प राहू द्यावे, पाणी सकाळी उन्हात द्यावे, लहान रोपावर रात्री पोते किंवा जुने लुगडे टाकावे आणि सकाळी काढावे. छाटणी थंडी सरल्यावर, होळीच्या सुमारास करावी. शेंडा वाळलेला दिसला तर नखाने साल थोडी खरवडून पाहावी. आत हिरवे असेल तर फांदी जिवंत आहे, तपकिरी कोरडे असेल तर हिरवे लागेपर्यंत खाली कापत यावे. ही परीक्षा लाकूड धरणाऱ्या जास्वंदीची. शिकागोच्या तिसऱ्या झाडाला ती लावू नये, त्याच्या काड्या कोरड्याच निघणार.

पुढील अंकात उन्हाळ्यात चाळीतला कांदा का सडतो, याविषयी आलेल्या पत्रांना उत्तरे देईन.